सॉफ्टवेअर मारलेला डिशचा रेकॉर्डर लाईट गेली की परत परत बिघडतोय? आधी घड्याळ बघा, मग जागा बघा

मंडळी, ज्यांच्याकडं एनिग्मा२ या लिनक्सवरच्या सॉफ्टवेअरवर चालणारा सॅटेलाइट रेकॉर्डर आहे आणि ज्यांनी त्यावर ओपनपीएलआय नाहीतर ओपनएटीव्ही असली बाहेरची इमेज (म्हणजे बॉक्सचं अख्खं सॉफ्टवेअर) टाकलीय त्यांच्यासाठी हे लिहितोय, कारण या एका बिघाडापायी मी जून ते ऑगस्ट असे तीन महिने घालवलेत आणि पाच वेळा सॉफ्टवेअर मारलंय, म्हणजे नव्यानं टाकलंय. पाचही वेळा वाटलं की झालं आता, आणि पाचही वेळा आठ-पंधरा दिवसांत परत तेच.

आधी लक्षणं सांगतो, तुमची जुळतात का बघा. नवीन इमेज टाकली की बॉक्स पहिले काही दिवस एकदम झकास चालतो, रेकॉर्डिंग वेळेवर, चॅनेल पटापट बदलतात. मग एक दिवस लाईट जाते. लाईट आल्यावर बॉक्स चालू होतो, लाल लाईट लागते, वरून बघितलं तर सगळं ठीक. पण त्या दिवशीचं रेकॉर्डिंग झालेलंच नसतं. असं दोन-तीनदा झालं की मग रेकॉर्डिंग होतं पण तीन-सव्वातीन मिनिटांचंच. त्यानंतर कधीतरी चॅनेलची लिस्ट गायब, टायमर गायब, भाषा निवडायचा पहिला विझार्ड परत समोर, आणि शेवटी बॉक्स बूटवरच अडकून बसतो. मग आपण काय करतो, पेनड्राइव्ह घेतो आणि परत सॉफ्टवेअर मारतो. परत झकास. परत लाईट जाते.

आमचं घर राजारामपुरीत. मी गोकुळ शिरगावला एमआयडीसीत पहिल्या शिफ्टला असतो, सहाच्या आत घर सोडतो. आज्जीला सह्याद्रीवरचा सकाळचा कार्यक्रम बघायचा असतो पण त्या वेळेला तिची आंघोळ, देवपूजा, तुळशीला पाणी हे सगळं चाललेलं असतं, ती दहा वाजता निवांत बसून बघते. म्हणजे रेकॉर्डिंग झालं नाही तर तिचा अख्खा दिवसाचा कार्यक्रम गेला, आणि ती काय मला शिफ्टमध्ये फोन करून त्रास देत नाही, संध्याकाळी घरी आल्यावर नुसतं म्हणते, "आज बी न्हाई झालं रे बाळा." ते ऐकून लय वाईट वाटायचं, म्हणून मी हे शेवटपर्यंत लावून धरलं.

पुढं जायच्या आधी एक गोष्ट. हे सगळं फक्त फ्री टू एअर बॉक्सचं आहे, म्हणजे बाजारात मोकळे मिळणारे लिनक्सवर चालणारे रिसीव्हर, ज्यावर आपण डीडी फ्री डिश बघतो. महिन्याला रिचार्ज मारायच्या डीटीएच कंपन्यांच्या बॉक्सवर असलं काही चालत नाही, त्यांचा बूटलोडर, म्हणजे बॉक्स चालू होताना सगळ्यात आधी चालणारा प्रोग्राम, कुलूपबंद असतो आणि कंपनीची सही नसलेलं सॉफ्टवेअर तो घेतच नाही, उगाच उघडून खराब करू नका. आणि पैसे न भरता पेड चॅनेल कसे लावायचे हे मला विचारू नका, ते बेकायदेशीर आहे आणि मी सांगणार नाही.

आता सॉफ्टवेअर मारताना ज्या चुका होतात त्या पटकन सांगून टाकतो, कारण खरं दुखणं तिथं नाहीये पण एकदा तरी ते नीट झालेलं असावं लागतं. पेनड्राइव्ह फॅट३२ फॉरमॅट केलेला पाहिजे, शक्यतो जुना ८ जीबीपर्यंतचा साधा यूएसबी २ वाला, कारण बूटलोडर लय साधा प्रोग्राम असतो, त्याला एनटीएफएस कळत नाही आणि मोठे नवीन पेनड्राइव्ह कधी कधी दिसतच नाहीत. मी एका ६४ जीबीच्या पेनड्राइव्हवर दोन तास घालवले आणि मग कपाटातला जुना ४ जीबीचा लावला तर पहिल्या झटक्यात घेतला. झिप फाईल तशीच टाकायची नाही, उघडून आतलं फोल्डर पेनड्राइव्हच्या अगदी वरच्या पातळीला ठेवायचं, फोल्डरात फोल्डर झालं तर बॉक्सला काहीच सापडत नाही आणि तो गुपचूप जुन्याच सॉफ्टवेअरवर चालू होतो. इमेज बरोब्बर तुमच्याच मॉडेलची घ्या, नावात एका आकड्याचा फरक असला तरी घेऊ नका. डुप्लिकेट बॉक्स असेल तर जास्तच जपून, असले बॉक्स नवीन इमेज टाकल्यावर कायमचे बंद पडलेले लोकांनी बघितलेत. आणि सॉफ्टवेअर टाकणं चालू असताना लाईट जाऊ देऊ नका, बॉक्स इन्व्हर्टरवर लावूनच हे काम करा, पावसाळ्यात तर नक्कीच. सुरू करायच्या आधी सेटिंगचा बॅकअप हार्डडिस्कवर घ्या आणि त्याची एक कॉपी कॉम्प्युटरवरपण ठेवा.

एवढं सगळं मी नीट केलेलं होतं. तरी बिघडत होतं.

पहिला धागा आज्जीमुळं सापडला. एक दिवस दुपारी लाईट जाऊन आली होती, मी तीनच्या सुमाराला घरात शिरतोय तोवर ती म्हणाली, "आरं त्या डब्यावरचं घड्याळ बघ, पहाटंचे साडेपाच दाखवतंय." मी बघितलं तर खरंच समोरच्या डिस्प्लेवर ०५:३४. मी घड्याळाकडं आधीपण बघितलं असणार पण कधी डोक्यात शिरलं नव्हतं. टीव्ही लावला, माहितीच्या पानावर तारीख बघितली, १ जानेवारी १९७०.

आता हे साडेपाच कुठून आलं ते नीट समजून घ्या, कारण यावरनं अर्धं निदान होतं. लिनक्स वेळ मोजतो ती १ जानेवारी १९७० च्या मध्यरात्रीपासून, ग्रीनविचच्या म्हणजे यूटीसीच्या हिशोबानं. ज्या बॉक्समध्ये घड्याळासाठी वेगळा सेल नाही त्याची लाईट पूर्ण गेली की तो शून्यावर येतो, आणि आपली वेळ यूटीसीच्या ५ तास ३० मिनिटं पुढं असल्यामुळं त्याचा शून्य आपल्याला पहाटे साडेपाच दिसतो. म्हणजे लाईट आल्यावर बॉक्स साडेपाचच्या आसपास काहीतरी दाखवत असेल तर ओळखायचं की याला अजून कुणी वेळ सांगितलेलीच नाही. आणि जो बॉक्स १९७० मध्ये बसलाय त्याच्या दृष्टीनं उद्या सकाळचं रेकॉर्डिंग पन्नासएक वर्षांनी आहे, तो कशाला उठतोय. टायमर लिस्टमध्ये टायमर दिसत राहतो, त्यावर घड्याळाचं चिन्हपण असतं, म्हणून आपल्याला शंकाच येत नाही.

वेळेचे बाकीचे घोळपण इथंच सांगतो. बॉक्स खऱ्या वेळेच्या बरोब्बर साडेपाच तास मागं असेल तर टाइमझोन लावलेला नाही, नवीन इमेज टाकल्यावर विझार्डमध्ये युरोपातलं शहर तसंच राहिलं तर साडेतीन नाहीतर साडेचार तासांचा फरक दिसतो, कोलकाता निवडायचं. बरोब्बर साडेपाच तास पुढं असेल तर मात्र चूक तुमची नाही. सॅटेलाइटच्या प्रत्येक ट्रान्सपॉन्डरवर (अनेक चॅनेल एकत्र पाठवणारा त्याचा एक भाग) चॅनेलसोबत वेळेचा एक छोटा टेबल येत असतो, तो पीआयडी २० वर, म्हणजे सिग्नलमधल्या २० नंबरच्या कप्प्यात असतो आणि त्यात वेळ यूटीसीमध्येच पाहिजे असा नियम आहे, पण एखाद्या ट्रान्सपॉन्डरवर कुणी तिथं भारतीय वेळच भरली तर बॉक्स त्यात परत साडेपाच तास मिळवतो. आणि फरक पाच-सात मिनिटांचा असेल तर त्या ट्रान्सपॉन्डरचं घड्याळच ढिलं आहे. हे तपासायला सोपं, वेगवेगळ्या ट्रान्सपॉन्डरचे दोन-तीन चॅनेल लावून प्रत्येकावर पाच मिनिटं थांबा आणि मोबाईलच्या घड्याळाशी ताडून बघा.

मग माझ्या बॉक्सला वेळ मिळत का नव्हती? एनिग्मा२ ला वेळ दोन ठिकाणांहून घेता येते, एक ट्रान्सपॉन्डरवरनं, दुसरी इंटरनेटवरनं एनटीपीनं, म्हणजे वेळेच्या सर्व्हरला विचारून. ट्रान्सपॉन्डरवरनं घ्यायची तर ट्यूनर चालू पाहिजे, म्हणजे कुठलातरी चॅनेल लागलेला पाहिजे. मी बॉक्स असा सेट केला होता की लाईट आल्यावर थेट स्टँडबायला जायचं, कारण रात्री दोन वाजता लाईट आली आणि टीव्ही बोंबलायला लागला तर आज्जी दचकून उठते. स्टँडबायला ट्यूनर बंद. ट्यूनर बंद म्हणजे वेळ नाही. वेळ नाही म्हणजे टायमर उठत नाही, आणि टायमर उठत नाही तोवर ट्यूनर चालू होत नाही. असा तो गोल फिरत बसायचा आणि मी घरी येऊन टीव्ही लावला की एक-दोन मिनिटांत वेळ बरोबर व्हायची, म्हणून मला कधी कळलंच नाही.

त्यात आमच्या कोल्हापूरचा पाऊस. आपल्याकडं लाईट जाते कधी, तर जोराचा पाऊस आणि वारं सुटल्यावर. फ्री डिशचा सॅटेलाइट ९३.५ अंश पूर्वेला आहे, कोल्हापुरातनं तो आग्नेयेला, उत्तरेपासून साधारण १२९ अंशावर, आणि जमिनीपासून ६० अंश उंच दिसतो, केयू बँडचा सिग्नल आहे, मुसळधार पावसात ढग भरून आले की सिग्नल खाली येतो हे सगळ्यांनी जुलैत बघितलंय. म्हणजे लाईट येते त्याच वेळेला सिग्नल नसतो. स्टँडबायचं सेटिंग काढून चॅनेल चालू ठेवला तरी त्या अर्ध्या तासात वेळ मिळेलच याची खात्री नाही.

म्हणून मी इंटरनेटवरनं वेळ घ्यायचं ठरवलं, मेनूत ट्रान्सपॉन्डर की इंटरनेट असं निवडायची सोय असते, ते बदललं, मुद्दाम प्लग काढून परत लावला आणि परत १९७०! इथं मी दोन दिवस अडकलो. कारण साधं निघालं. लाईट आल्यावर बॉक्स चाळीस-पन्नास सेकंदांत उभा राहतो, पण आमचा फायबरचा राउटर इंटरनेट पकडायला दोन-अडीच मिनिटं घेतो. बॉक्स चालू होताना एकदा वेळ विचारायला जातो, समोर कुणीच नसतं, गप्प बसतो, आणि परत विचारत नाही. राउटर आधीपासून चालू ठेवून नुसता बॉक्सचा प्लग काढून लावला तर वेळ लगेच बरोबर, दोन्ही एकदम काढून लावले तर १९७०. हा प्रयोग तुम्हीपण करून बघा, पाच मिनिटांचं काम आहे आणि शंका राहत नाही.

उपाय दोन केले. एक, टेलनेटनं (कॉम्प्युटरवरनं बॉक्सला कमांड द्यायची सोय) बॉक्समध्ये जाऊन क्रॉनमध्ये (ठरल्या वेळी आपोआप काम करणारा प्रोग्राम) एक ओळ घातली की दर १५ मिनिटांनी एनटीपीवरनं वेळ घ्यायची, सर्व्हर भारताच्या पूलचा ठेवला, इन डॉट पूल डॉट एनटीपी डॉट ऑर्ग. काही इमेजमध्ये क्रॉन आधीपासून नसतो, प्लगिनच्या यादीतनं टाकावा लागतो, आणि टाकल्यावर बॉक्स एकदा रीस्टार्ट करून तो खरंच चालतोय का बघायचं, मी पहिल्यांदा ते बघितलंच नव्हतं. दुसरं, राउटरला १२ व्होल्टचा छोटा यूपीएस लावला, त्यामुळं छोटी लाईट गेली तर राउटर पडतच नाही. ज्यांच्या घरी इंटरनेट नाही त्यांनी बॉक्स स्टँडबायला न पाठवता चालू राहील असं करा आणि सुरुवातीचा चॅनेल म्हणून ज्या ट्रान्सपॉन्डरवर वेळ बरोबर येते तिथला चॅनेल लावा. टीव्हीचा स्विच बंद ठेवला की आवाजाचा प्रश्न येत नाही. हे मला आधी सुचायला पाहिजे होतं.

एवढ्यावर माझं रेकॉर्डिंग वेळेवर सुरू व्हायला लागलं. आणि मग दुसरं दुखणं उघडं पडलं.

आज्जी म्हणाली, "सुरू हुतंय पर लगीच बंद पडतंय, आन माझं जुनं सगळं कुठं गेलं?" मी बघितलं तर रेकॉर्डिंगच्या लिस्टमध्ये फक्त एक फाईल, ३ मिनिटं १२ सेकंदांची. जुनी तीस-चाळीस रेकॉर्डिंग गायब. मला वाटलं हार्डडिस्क गेली. बॉक्स बंद करून चालू केला तर जुनी सगळी परत हजर, आणि ती तीन मिनिटांची फाईल मात्र गायब! हे बघून तर मी चक्रावलो, म्हणलं डोकं ठिकाणावर आहे ना आपलं.

झालं होतं असं. रेकॉर्डिंग ठेवायची जागा म्हणजे मीडिया फोल्डरातलं एचडीडी नावाचं फोल्डर. हार्डडिस्क नीट जोडली गेली की ती या फोल्डरावर येऊन बसते आणि आत लिहिलेलं सगळं डिस्कवर जातं. पण बॉक्स चालू होताना डिस्क जोडली गेली नाही, तर ते फोल्डर बॉक्सच्या आतल्या फ्लॅश मेमरीवरचं साधं फोल्डर असतं आणि माझ्या बॉक्सनं रेकॉर्डिंग खुशाल तिथंच लिहिलं. फ्लॅश सगळी मिळून २५६ एमबी, त्यातली इमेज जाऊन माझ्याकडं ६० एमबी मोकळी होती. आज्जीच्या चॅनेलचा रेट मी मोजला तो साधारण अडीच मेगाबिट सेकंदाला, म्हणजे तासाला ११०० एमबीच्या वर. ६० एमबी भरायला १९२ सेकंद लागतात. तीन मिनिटं बारा सेकंद. हिशोब कागदावर मांडला आणि फाईलच्या लांबीशी बरोब्बर जुळला तेव्हा मी रात्री साडेअकराला घरात मोठ्यानं ओरडलो.

आणि मग बाकीचं सगळं उलगडलं. फ्लॅश १०० टक्के भरली की बॉक्सला स्वतःचं सेटिंग लिहायलापण जागा उरत नाही. बंद होताना तो सेटिंगची फाईल नव्यानं लिहायला जातो, जागा नसते, फाईल शून्य बाईटची होते, आणि पुढच्या वेळी त्याला वाटतं मी नवीन आहे, म्हणून विझार्ड. टायमरची फाईल, चॅनेलची लिस्ट, सगळ्यांची तीच गत. आपण म्हणतो सॉफ्टवेअर करप्ट झालं आणि परत मारतो. फ्लॅश पुसली जाते, जागा मोकळी होते, बॉक्स झकास चालतो. मी पाच वेळा दुरुस्ती केली असं मला वाटत होतं, प्रत्यक्षात पाच वेळा फक्त जागा साफ केली होती.

आता यातली सगळ्यात फसवी गोष्ट नीट वाचा. डिस्क परत जोडली गेली की ती त्या फोल्डरावर बसते आणि खाली फ्लॅशवर पडलेल्या फायली झाकल्या जातात. त्या दिसत नाहीत, पण जागा धरून असतात. म्हणून रीस्टार्ट केल्यावर सगळं ठीक दिसतं, जागा बघायची कमांड दिली तर मात्र फ्लॅश अजून ९८-१०० टक्के भरलेली दाखवते आणि कुठलं फोल्डर मोठं आहे ते शोधूनही सापडत नाही. त्यासाठी आधी रेकॉर्डिंग, टाइमशिफ्ट (चालू कार्यक्रम थांबवून मागं घ्यायची सोय) सगळं बंद करून डिस्क अनमाउंट करायची, म्हणजे त्या फोल्डरावरनं सोडवायची, मग त्याच फोल्डरात जाऊन बघायचं, तिथं या तीन मिनिटांच्या फायली पडलेल्या सापडतात. माझ्याकडं एक फाईल आणि तिच्या शेजारी दोन अर्धवट होत्या. पुसायच्या आधी हजार वेळा खात्री करा की डिस्क खरंच अनमाउंट झालीय, माउंटची यादी काढून बघा, नाहीतर एका कमांडमध्ये खरी रेकॉर्डिंग जातील. माझ्याकडं आजोबांच्या एका मुलाखतीचं रेकॉर्डिंग त्याच डिस्कवर आहे, म्हणून मी पुसायच्या आधी डिस्क काढूनच ठेवली बाजूला.

मग प्रश्न उरला की डिस्क जोडली का जात नव्हती. दरवेळी नाही, पाचातनं एखाद्या वेळी. मी आधी डिस्कवर संशय घेतला, लाईट अचानक गेल्यामुळं फाईलसिस्टम खराब होते म्हणून मेनूतनं चेक चालवला, थोड्या चुका निघाल्या, दुरुस्त झाल्या, डिस्क ठणठणीत. तरी चार दिवसांनी परत तेच.

इथं शाहूपुरीतले एक जुने टीव्ही मिस्त्री आहेत, त्यांच्याकडं बॉक्स घेऊन गेलो. त्यांनी बॉक्सला हातपण लावला नाही. म्हणाले, "अडॅप्टर आणलायस का?" मी म्हणलं काका, अडॅप्टर मी तपासलाय, मीटरवर १२.१ दाखवतोय. ते म्हणाले, "मोकळा तपासलास का लोडवर?" मोकळाच तपासला होता. त्यांनी मीटर कमीत कमी आकडा धरून ठेवायच्या सेटिंगवर ठेवला, बॉक्स आणि डिस्क दोन्ही जोडून चालू केलं, डिस्क फिरायला लागली तशी व्होल्टेज घसरलं ते १०.३ पर्यंत. साडेतीन इंची डिस्क सुरुवातीला फिरायला लागताना १२ व्होल्टवर दीड-दोन अँपिअर एकदम ओढते, नंतर कमी होतं. अडॅप्टरवर लिहिलेलं ३ अँपिअर, पण आता तेवढं देत नव्हता. त्यांनी तो उघडला, आत आउटपुटचा कपॅसिटर, १००० मायक्रोफॅरड १६ व्होल्टचा, त्याचं डोकं कढईतल्या पुरीसारखं फुगलेलं आणि कडेला तपकिरी चिकट डाग. १०५ डिग्रीवाला १००० मायक्रोफॅरड २५ व्होल्टचा टाकला, परत तसंच मोजलं, ११.७ च्या खाली गेलं नाही. घरी स्वतः अडॅप्टर उघडू नका, आतल्या मोठ्या कपॅसिटरमध्ये प्लग काढल्यावरही तीनशे व्होल्टच्या आसपास चार्ज राहू शकतो, ज्याला माहितीय त्याच्याकडनंच करून घ्या नाहीतर सरळ चांगल्या कंपनीचा नवीन १२ व्होल्ट ५ अँपिअरचा घ्या, पिनची धन-ऋण बाजू जुळवून.

म्हणजे सुरुवात इथनं होती. अडॅप्टर दमलेला, डिस्क कधी कधी वेळेत फिरायला लागत नव्हती, बॉक्स तिच्यासाठी थांबत नव्हता, रेकॉर्डिंग फ्लॅशवर पडत होतं, फ्लॅश भरली की सेटिंग जात होतं. सॉफ्टवेअरचा यात काहीच दोष नव्हता, आणि मी तीन महिने फक्त सॉफ्टवेअरच बदलत होतो, एकदा तर इमेजपण बदलून बघितली.

तुमच्याकडं असं होत असेल तर परत पेनड्राइव्ह हातात घ्यायच्या आधी तीन गोष्टी लिहून ठेवा. लाईट आल्यावर, कुठलंही बटण दाबायच्या आधी, डिस्प्लेवर किती वाजलेत. अर्धवट रेकॉर्डिंग बरोबर किती मिनिटांचं आहे आणि दरवेळी जवळपास तेवढंच आहे का. आणि फ्लॅशवर किती जागा मोकळी आहे, आज आणि आठ दिवसांनी. कुणालाही मदत मागताना हे तीन आकडे सांगा, नुसतं "बॉक्स हँग होतोय" म्हणलं तर समोरचा पण परत सॉफ्टवेअर मारायलाच सांगणार.

मी अजून एक छोटी सोय केलीय. बॉक्स चालू झाल्यावर दोन मिनिटांनी एक छोटी स्क्रिप्ट चालते, डिस्क माउंट झालीय का बघते, नसेल तर एकदा माउंट करून बघते आणि तरी नाही झाली तर टीव्हीच्या पडद्यावर मराठीत मेसेज टाकते की डिस्क लागलेली नाही. ओपनवेबइफ (ब्राउझरवरनं बॉक्स चालवायचं प्लगिन) असलं की बाहेरनं पडद्यावर मेसेज पाठवता येतो, त्याचाच वापर केलाय. आज्जीला वाचता येतं, ती मेसेज बघितला की मागचं बटण बंद करून, दहा आकडे मोजून परत चालू करते, तेवढं मी तिला शिकवलंय.

काल रविवारी सुट्टी होती म्हणून परीक्षा घेतली. मुख्य स्विचच खाली ओढला, राउटर, बॉक्स सगळं एकदम बंद, राउटरचा यूपीएसपण मुद्दाम काढून ठेवलेला, दहा मिनिटांनी वर केला. असं तीन वेळा. पहिल्यांदा डिस्प्लेवर ०५:३१ दिसलं, पंधरा मिनिटांच्या आत खरी वेळ आली. दुसऱ्यांदा तसंच. तिसऱ्यांदा वेळ यायला सोळा मिनिटं लागली, तेवढ्या वेळात एखादं रेकॉर्डिंग सुरू व्हायचं असतं तर ते चुकलं असतं, म्हणून क्रॉनची ओळ आता १५ ऐवजी ३ मिनिटांवर आणलीय. डिस्क तिन्ही वेळा लागली, फ्लॅशवर ५८ एमबी मोकळी, तेवढीच कायम. आज सकाळचं रेकॉर्डिंग ५९ मिनिटांचं पूर्ण झालंय.